किम-हुआच्या दारातला मांडव

३ नोव्हेंबर, सोमवार

“रडायचं तर दुसऱ्याच्या दारात रडावं, चार पैसे मिळतात. आपल्या घरात रडलेलं फुकट जातं.”

आई म्हणाली होती. बाबांच्या मयताच्या दिवशी, स्वयंपाकघरात, भाताच्या पातेल्याचा तळ खरवडताना. मी सहावीत होते. हे वाक्य कुणालाही सांगितलं की लोक हसतात. मीही हसते. सांगतेच तशी.

आज आठवलं, कारण आज सगळं सामान घेऊन थायपेहून समुद्रकाठच्या बुदाईला, आईच्या घरी पोचले. आई दारात कालवं सोलत बसली होती. मुलगी वर्षानं दिसली तर काय म्हणावं? — “ह्वी पोरी, या वेळी तरी तुझं भूत तोंड उघडणार आहे का?”

चार सिनेमे झाले माझे. चारही भुतांचे. लिहिते मी, करून घेते मी, कॅमेराही माझाच — दुसऱ्या कुणाच्या हातात दिलेला नाही, कधीच. आणि चारही सिनेमांतली भुतं मुकी. समीक्षक त्याला माझी शैली म्हणतात. आई म्हणते, “घशाला काय झालंय त्यांच्या?”

तिला विचारायचा हक्क आहे. आयुष्यभर घशावर जगली ती. ज्या घरच्या लेकीला पोचायला उशीर झाला, किंवा पोचली पण रडू येईना, किंवा लेकच नाही — त्या घरी आईला बोलावणं जायचं. अंगावर तागाचा झगा, तोंड झाकणारी तागाची टोपी, हातात माईक. गल्लीच्या तोंडापासून गुडघ्यांवर रांगत, हंबरडा फोडत, थेट गेलेल्याच्या फोटोपर्यंत. पंचक्रोशीत तिच्यासारखं रडणारी एकच होती — सोक मावशी. दोघी जोडीनं जायच्या. मग भांडल्या. कशावरून, ते मला कधी कळलं नाही.

या सिनेमातलं भूत बोलणार आहे. हे अजून आईला सांगितलेलं नाही.


४ नोव्हेंबर

मुहूर्ताची पूजा झाली. घरासमोर टेबल, अननस, फुलं, सगळ्यांच्या हातात उदबत्त्या. आमचा ध्वनिमुद्रक गाओ देवाला मोठ्यांदा म्हणाला, “खरी भुतं कृपया कामाच्या वेळेत येऊ नयेत, मला आवाज पुसत बसावे लागतात.” वीस वर्षं हेच म्हणतोय.

कॅमेऱ्यावर हिरव्या पाकिटातला मक्याचा खाऊ ठेवला होता — यंत्रं नीट वागावीत म्हणून सगळेच ठेवतात, हिरवाच लागतो. दुपारी कॅमेरा अचानक बंद पडला. पाकीट रिकामं! आई म्हणाली, “मला वाटलं पाहुण्यांसाठी ठेवलंय.” गाओ स्कूटरवरून नवीन पाकीट आणायला धावला. नवीन ठेवलं, कॅमेरा चालू. आता याला काय म्हणायचं ते म्हणा.

खिडक्यांना काळं कापड ठोकून भर दुपारी रात्र केली. माझ्या सिनेमांतल्या सगळ्या रात्री दुपारच्याच असतात. आई दारातून बघत होती. “दुपारी दोनला रात्र करते, आणि रात्री दिवा लावून झोपते!” सगळे हसले. खरंच आहे. मला अंधाराची भीती वाटते. कॅमेऱ्याला डोळा लावला की नाही वाटत. म्हणून तर हा धंदा.


५ नोव्हेंबर

आईला विचारलं. आधी गोष्ट सांगितली, नीट, कालवं सोलू लागत लागत.

एक म्हातारी मरते. तिच्यासाठी कुणीच रडत नाही. म्हणून ती जातच नाही. घरात नवीन बिऱ्हाड येतं, तर ही त्यांच्या स्वयंपाकाला नावं ठेवत बसते — मीठ कमी, आलं जास्त. (आई इथे हसली. मला वाटलं, जमलं!) शेवटी त्या बिऱ्हाडाला कळतं. ते दारात मयताचा मांडव घालतात, म्हातारीचा फोटो ठेवतात, भाड्यानं रडणारी बोलावतात. ती गल्लीच्या तोंडापासून रांगत येते. रडते. म्हातारी उठते आणि निघून जाते. रडण्याचा एकच शॉट, मध्ये कुठे कापायचं नाही.

सगळा सिनेमा त्या एका रडण्यावर उभा आहे. ते खोटं वाटलं तर म्हातारी कशाला जाईल?

“गोष्ट बरी आहे,” आई म्हणाली. “कोण रडणार?”

“तू.”

सुरी थांबली नाही. “मी टोपी देवळातल्या कागद जाळायच्या भट्टीत जाळली. बंद म्हणजे बंद.”

“सिनेमाच आहे गं. खोटं खोटं.”

“तेच तर. कुणी गेलेलं नसताना रडलं ना पोरी, तर ते रडणं माणूस शोधत फिरतं. नाव घेतल्याशिवाय रडता येत नाही. कुणाचं नाव घेऊ? तुझं?”

“पात्राचं घे.”

“पात्राच्या घरी मी जेवलेय का कधी?”

तिनं आणखी चार शिंपले उघडले. नंतर म्हणाली, “फोटो हवा असेल तर माझा घे. मेलेल्या म्हातारीचा. तेवढं करते.”


६ नोव्हेंबर

मांडव आला. मांडववाल्याची एकच अट — अठरा तारखेला सकाळी उतरवणार. “खऱ्या मयताला लागतो हो बाई, थंडीच्या दिवसांत मागणी असते.”

म्हणजे रडणं अठराच्या आत.


७ नोव्हेंबर

रडायला थायपेहून यिन-चेन आली. नाटकातली, नाव असलेली, स्वभावानं गोड. तीन वेळा घेतलं. गाओनं कानावरचे हेडफोन काढले, म्हणाला, “बस चुकलीय, दुसरी अर्ध्या तासानं आहे — असं रडणं झालं.” यिन-चेनलाही कळलं. बिचारीनं माझे हात धरून माफी मागितली. संध्याकाळच्या गाडीनं परत पाठवली.

आई आतून ओरडली, “गुडघे आधी टेकायचे! आवाज नंतर! उभ्यानं सुरू केलं की पोटातून येतच नाही!”

एवढं सांगतेस तर करून का दाखवत नाहीस? म्हणाले नाही.


८ नोव्हेंबर, शनिवार

आईच्या फोटोचा दिवस. केस रंगवायला सलूनमध्ये जाऊन आली — मेलेल्या म्हातारीचे केस काळेभोर! मी म्हटलं, आई, ही गरीब, एकटी म्हातारी आहे. “एकटी असली म्हणून विस्कटलेली कशाला?”

काळी चौकट. मागच्या बाजूला लाल कागद चिकटवला, जिवंत माणसाचा फोटो आहे म्हणून. शकुनाचे पैसे घालून लाल पाकीट दिलं, ते तिनं माझ्यासमोर उघडून बघितलं आणि म्हणाली, “मरायला ठीक आहे.”

फोटो मात्र सुंदर आलाय. दात दाखवून हसतेय. मी कॅमेऱ्यातून पाहिलं तेव्हा तिनं मला विचारलं, “काय बघतेस एवढी?” मी म्हटलं, “फोकस.” मी सगळ्या गोष्टींना फोकस म्हणते.


९ नोव्हेंबर

वारा. समुद्राकडून नुसता मारतोय. काम बंद. आईनं माशाची लापशी केली. सगळ्यांनी तीनदा घेतली.

पुन्हा विचारलं — दुसरी कुणी आहे का, तुझ्या ओळखीची? या धंद्यातली?

“बघते. कुणाला तरी सांगते.”

हे “बघते” कसलं, कळत नाही. आईचं बघते म्हणजे कधी हो असतं, कधी विषय बदल असतो.


१० नोव्हेंबर

वाराच. गाओ आईला पत्त्यांत हरला. आई खोटं खेळते, हे त्याला मी सांगितलं नाही.


११ नोव्हेंबर, मंगळवार

लिहायचं नव्हतं. तरी लिहिते.

सकाळी वारा पडला होता. आई तिच्या तीनचाकीवरून बाजाराला गेली. मांडव लावून तयार, दोन्ही बाजूंना पांढरे कंदील, मध्ये आईचा हसरा फोटो, पुढे भात, उदबत्त्या. रडणारी नव्हती, म्हणून ठरवलं — नुसत्या गल्लीचे शॉट घेऊ. मी कॅमेरा खांद्यावर घेतला. गाओनं माईक लावले.

तेवढ्यात गल्लीच्या तोंडाशी एक स्कूटर थांबली. एक म्हातारी उतरली. थांबली. मांडवाकडे बघत राहिली. स्कूटरवरच्या वाऱ्यासाठी डोक्यावरून टॉवेल बांधलेला, पायांत मासळीबाजारातले रबरी बूट. आणि मग — धाडकन गुडघ्यांवर. आधी गुडघे. मग आवाज.

गाओ कुजबुजला, “आईनं पाठवली! बाई, आईनं पाठवली!”

मलाही तेच वाटलं. दुसरं काय वाटणार? परवा “कुणाला तरी सांगते” म्हणाली होतीच. मी कॅमेरा सुरू केला. मनात एवढा आनंद! टोपी नाही — नसू दे, टॉवेल तोंड झाकतोय. आणि रबरी बूट घालून रांगतेय, हे तर मला जन्मात सुचलं नसतं!

ती रांगत येत होती आणि मी मागे मागे सरकत होते, तिच्या चेहऱ्यापासून हातभर अंतरावर.

“किम-हुआ गं! मला न सांगता निघालीस गं! भांडण अर्धं टाकून कुठे चाललीस गं, आता मी कुणाशी भांडू...”

पात्राचं नाव किम-हुआ नाही. किम-हुआ माझ्या आईचं नाव. मला वाटलं, फोटो आईचा म्हणून आईनंच तसं सांगितलं असेल. वेडी! खरंच तेच वाटलं.

मग ती फोटोपाशी पोचली. कपाळ जमिनीला टेकलं.

“आ-तोक रे! दार उघड! तुझी बायको आली बघ. तिला गार पाणी सोसत नाही, पाणी तापवून ठेव. तिला एकटीला उभं करू नकोस दारात...”

आ-तोक माझे बाबा.

त्यांचं नाव कुणी असं हाक मारून घेतलेलं मी ऐकलंच नव्हतं. मयताच्या दिवशीही नाही. आणि तेव्हा कळलं, ही कोण. सोक मावशी. आई मेली असं समजून आलेली. भाड्यानं नाही. खरी.

तेव्हाच ओरडायला हवं होतं. “मावशी, थांबा, सिनेमा आहे, आई बाजारात गेलीय!” — एवढंच. तोंडाशी आलं होतं. मी काय केलं? मी खाली बसले, कॅमेरा अजून जवळ नेला.

किती वेळ, माहीत नाही. मग मागून तीनचाकीचा हॉर्न.

“काय गं,” आई म्हणाली, पुढच्या टोपलीत कोबी, “कोण गेलं?”

सोक मावशीनं मान वर केली. टॉवेल मागे पडला. सगळा चेहरा ओला.

“तू?”

“मी.”

“फोटो तुझा आहे!”

“चांगला आलाय ना? केस रंगवले होते.”

सोक मावशीनं पायातला बूट काढला आणि फेकून मारला. आईला नाही लागला, कोबीला लागला. “मेली नाहीस तर सांगता येत नाही?”

“मेले नाही, मेले नाही म्हणत काय घरोघरी फिरू?”

“मासळीबाजारात सगळे म्हणतायत, किम-हुआच्या दारात मांडव पडलाय! मला वाटलं... मला वाटलं...” आणि मग तिला माझ्या हातातला कॅमेरा दिसला. त्याचा लाल दिवा दिसला. मी अजून बंद केला नव्हता.

ती उठली, गुडघे झटकले, एका बुटावर चालत गेली, स्कूटरवर बसली आणि गेली.

गल्लीच्या तोंडाशी मी पाटी लावली होती, “इथे शूटिंग चालू आहे” म्हणून. वाऱ्यानं उडून गटारात पडली होती.

आई तीनचाकीवरच बसून राहिली. म्हणाली, “काय काय म्हणाली ती?”

मी सांगू शकले नाही. गाओनं सांगितलं.


१२ नोव्हेंबर

गाओचं म्हणणं — दृश्य एकदम खरं, आवाज काचेसारखा स्वच्छ, असं रडणं पुन्हा मिळणार नाही. वापर. नंतर जाऊन पाय धर.

मी अजून बघितलेलं नाही. चित्रं बघायचं मशीन तिकडे, मी इकडे.

आई वेगळ्याच चिंतेत. जिवंत माणसासाठी कुणी रडलं की ते दोघांनाही बाधतं, ते उतरवायलाच हवं. दारावर लाल कापड लावून झालं. आता डुकराचे पाय घातलेल्या शेवया खायला हव्यात, दोघींनी, एका टेबलावर बसून. “बोलाव तिला.”

मी? मी फोन दोनदा उचलून ठेवला.


१३ नोव्हेंबर

आई स्वतः गेली. तीनचाकीच्या टोपलीत एक रबरी बूट.

दुपारी आली. “येते म्हणालीय शनिवारी. पण म्हणाली, किम-हुआच्या हातचं खाणार नाही. कॅमेरावालीनं स्वतः रांधायचं.”

मला रांधता येत नाही! आईला हे सांगितलं तर म्हणाली, “तिला माहीत आहे.”


१४ नोव्हेंबर

पायांवरचे केस जाळायला गॅसची शेगडी घेऊन बसले. आई शेजारी उभी. “खरपूस नको, नुसते जाळ... अगं ते पाय आहेत, मशाल नाही!” सगळं घर वास. गाओ नाक दाबून बाहेर पळाला. म्हणाला, सिनेमातली म्हातारी असती तर पहिल्याच दिवशी घर सोडून गेली असती.

मांडववाला येऊन आठवण करून गेला.


१५ नोव्हेंबर, शनिवार

सोक मावशी आली. पायांत नवीन चपला, केस नीट बांधलेले. माझ्याकडे बघितलं नाही. पहिला घास घेतला, चावत राहिली, चावतच राहिली.

“शिजले नाहीत.”

“थोडं अजून...” मी म्हटलं.

“राहू दे. बाधा जायला दातांना कामही हवंच.”

आई हसली. मग दोघी खात बसल्या. मी उभी. गाओ कोपऱ्यात, आज पहिल्यांदाच माईकशिवाय, हात कुठे ठेवावेत ते त्याला कळत नव्हतं.

मग सोक मावशी शेवयांकडे बघत म्हणाली, “हिला सांगितलंस का कधी, आपण का भांडलो?”

“खा ना.”

“तुझ्या बापाच्या मयताला,” आता माझ्याकडे बघून, “मी टोपी-झगा घालून आले होते. फुकट. आपल्या धंद्यात फुकट कुणी रडत नाही. आणि हिनं मला दारातून परत पाठवलं. सगळ्या गल्लीसमोर! म्हणाली, नको तुझं रडणं. मी काय वाईट रडते?”

“तू वाईट रडत असतीस तर मी दार उघडलं असतं,” आई म्हणाली.

“म्हणजे?”

आई पायाचं हाड दातानं साफ करत होती. ते पूर्ण साफ झाल्यावरच बोलली. “दुसऱ्या दिवशी दोन मयतं घेतलेली होती. घरात तांदूळ नव्हता. तू त्याचं नाव घेऊन एकदा हाक मारली असतीस ना, तर मी रडायची थांबलेच नसते. घसा बसला असता. मग हिला काय खायला घातलं असतं?”

सोक मावशीनं वाडगं खाली ठेवलं.

मग सोक मावशी — “हे सांगायला तुला एवढी वर्षं लागली? गाढवीण!”

“तू विचारलंस का? बूट मारण्याआधी विचारायचं असतं!”

आणि दोघी हसायला लागल्या. हसता हसता सोक मावशीच्या नाकातून शेवया आल्या. मी हसले नाही. मला ते पातेलं खरवडणं ऐकू येत होतं. तेव्हा वाटलं होतं, आई भुकेली आहे.

शेवटी मी बोलले. मावशी, मी त्या दिवशी तुम्हाला ओळखलं होतं. मध्येच. आणि थांबवलं नाही. चुकलं माझं. पण ते रडणं सिनेमात घेऊ देता का? तुम्ही नाही म्हणालात तर पुसून टाकते, तुमच्यासमोर.

तिनं तोंड पुसलं. “पुसायचं नाही.”

माझा जीव भांड्यात पडणार, तोच —

“आणि सिनेमातही घालायचं नाही. ते मी किम-हुआला दिलंय. दिलेलं दिलं. ठेव जपून. ही खरंच जाईल तेव्हा लाव. मला तेव्हा गुडघे टेकता येतील, न येतील.”

“मी तुझ्याआधी जाणार, असं कुणी ठरवलं?” आई उखडली.

“तू मोठी आहेस.”

“चार महिन्यांनी!”

निघताना दारात सोक मावशीनं माझा दंड पकडला. पकड अजून जबरदस्त. “दोन रडणाऱ्यांच्या हाताखाली वाढलीस. मग तुला का गं नाही येत?”

मी म्हटलं, मी कॅमेऱ्यामागे असते.

“हो,” ती म्हणाली. “दिसलं ते.”


१६ नोव्हेंबर

मशीनवर ते बघितलं, जपून ठेवायची प्रत काढण्यापूर्वी. गाओ शेजारी.

गल्ली — स्वच्छ. रबरी बूट — स्वच्छ. “भांडण अर्धं टाकून” — स्वच्छ. मग बाबांचं नाव येतं, आणि चित्र हळूहळू विरघळायला लागतं. सोक मावशी एक राखाडी डाग होते. मग नुसता उजेड. शेवटपर्यंत.

गाओनं ते मागे नेऊन पुन्हा बघितलं. मग, “बाई, वीस वर्षांत तुझा फोकस गेलेला मी बघितला नाही.”

“वारा होता.”

“वारा नव्हता.”

“मग धूळ गेली असेल.”

“बाई.”

मी प्रत काढली. आईच्या नावानं ठेवली. म्हणजे माझ्याकडे आता सिनेमा आहे, मांडव आहे, फोटो आहे, म्हातारी आहे, आणि रडणं नाही. मांडव परवा उतरणार.

गाओ म्हणाला, टोपी घातली की तोंड दिसत नाही, कुणीही चालेल. तूच का करत नाहीस? कॅमेरा मी धरतो. मी त्याला हाकललं. कॅमेरा कुणाला देणार नाही म्हणून नाही. त्याच्यासमोर मला ते येणार नाही. कुणासमोर येईल, याचा दिवसभर विचार केला. मांडवात बसून, एकटीनं, गुडघे टेकून बघितलं. बाबांचं नाव घेऊन बघितलं. एक अक्षर फुटलं नाही. रिकाम्या खुर्च्यांसमोर नाही येत. कुणीतरी बघणारं लागतं — आणि ज्यानं बघावं असं वाटतं, ते एकच माणूस आहे.


१७ नोव्हेंबर, सोमवार

सकाळ. झगा घातलाय, तागाची टोपी हातात. गाओला सांगितलंय, माईक लाव आणि गल्लीबाहेर जाऊन बस.

आई दारात कालवं सोलतेय. ती नाही म्हणेल. माझे हात ओले आहेत म्हणेल, मला यंत्रातलं काय कळतं म्हणेल, मुलीला रडताना कोण बघत बसेल म्हणेल. तरी आता खाली जाऊन तिला म्हणते —

हात पूस, आई. हा कॅमेरा धर. मी गल्लीच्या तोंडापासून येते. तू फक्त बघत राहा, आणि मी पोचेपर्यंत मान फिरवू नकोस.